कुळाचा रंग कीं सूर्याचा?

माणसाच्या अंगकांतीला आपल्या मराठींत जितकीं नांवें आहेत तितकीं फारच थोड्या गोष्टींना असतील. गोरापान, केतकी, निमगोरा, गव्हाळ, सावळा, काळासावळा, काळाकुट्ट ही उतरंड घरोघरीं तोंडपाठ असते, आणि स्थळें पाहण्याचा हंगाम आला कीं सराफाच्या कसोटीप्रमाणें तिचा उपयोग होऊं लागतो. मुलगी शिकलेली आहे, सुस्वभावी आहे, पत्रिकाही जुळते, "पण रंगानें जरा..." एवढ्यावर बोलणें थांबतें आणि पत्रिका परत जाते. पुढें तीच मुलगी दुसऱ्या घरीं नांदूं लागली आणि तिचें पहिलें मूल सावळें निपजलें, तर "आमच्या घराण्यांत असा रंग नाहीं" हें वाक्य तिलाच ऐकावें लागतें. जणूं गोरेपणा हा कुळाचा ठेवा, आणि सावळेपणा सुनेनें माहेरच्या पेटींतून आणलेला! या समजुतीला शास्त्राचा कितपत आधार आहे, तें येथें पाहावयाचें आहे.

रंग म्हणजे मुळांत काय? त्वचेच्या वरच्या थराच्या तळाशीं कांहीं विशिष्ट पेशी असतात. त्या 'मेलॅनिन' नांवाचें रंगद्रव्य तयार करतात आणि सूक्ष्म कणांच्या रूपानें तें शेजारच्या पेशींना वांटतात. गौरवर्णी नॉर्वेकर व कृष्णवर्णी सुदानी यांच्या त्वचेंत या रंगपेशींची संख्या जवळजवळ सारखीच असते. भेद असतो तो कणांच्या संख्येंत, आकारांत आणि मांडणींत. कारखाना सर्वांच्या घरीं एकच. माल मात्र कमीअधिक निघतो.

हा माल निघतो कशासाठीं, तें सूर्याला विचारावें. छत्रपती संभाजीनगर, म्हणजेच पूर्वींचें औरंगाबाद, हें उत्तर अक्षांश १९ अंश ५३ कलांच्या सुमारास वसलें आहे. मे महिन्याच्या २० तारखेच्या सुमारास आणि पुन्हां जुलैच्या २४ तारखेच्या सुमारास मध्यान्हींचा सूर्य तेथें बरोबर माथ्यावर येतो व उभ्या खांबाची सावली नाहींशी होते. अशा उन्हांतील अतिनील किरण त्वचेंत शिरून रक्तांतील 'फोलेट' या जीवनसत्त्वाचा नाश करतात, आणि गर्भाचा मेंदू व पाठीचा कणा नीट घडण्यास तर फोलेट अत्यावश्यक. उलट, तेच किरण त्वचेंत 'ड' जीवनसत्त्व तयार करतात. तें कमी पडलें तर हाडें ठिसूळ व वांकडीं होतात. नीना जाब्लॉन्स्की व जॉर्ज चॅप्लिन या संशोधकांनीं २००० सालीं असें प्रतिपादन केलें कीं, मानवाची कांति या दोन गरजांच्या ओढाताणींतून ठरत गेली. प्रखर उन्हाच्या देशांत छत्री हवी म्हणून त्वचा गडद राहिली. मंद उन्हाच्या देशांत खिडकी हवी म्हणून ती उजळली. आपला देश या दोहोंच्या मध्यें पडतो, शिवाय येथें अनेक दिशांनीं माणसें येत गेलीं. म्हणून सर्व छटा येथें एकाच आळींत नांदतात.

आतां हा रंग वारशानें कसा येतो तें पाहूं. आनुवंशिक गुण वाहून नेणाऱ्या घटकास 'जनुक' म्हणतात. पोथीची नक्कल करतांना एखादें अक्षर बदलावें व तो पाठभेद पुढच्या सर्व प्रतींत उतरावा, तसेंच जनुकांचेंही होतें. २००५ सालीं अमेरिकेंतील कीथ चेंग व त्यांचे सहकारी यांना पट्टेरी झेब्रा माशाच्या एका फिकट जातीचा अभ्यास करतांना एक जनुक सांपडलें. एस. एल. सी. २४ ए ५ असें त्याचें रुक्ष नांव आहे. तेंच जनुक माणसांतही आहे, आणि त्यांतील एका अक्षराच्या पाठभेदानें त्वचा उजळते, असें दिसून आलें. पुढें हैदराबादच्या पेशी व रेण्वीय जीवशास्त्र केंद्रांतील शास्त्रज्ञांनीं इतरांच्या सहकार्यानें दक्षिण भारतांतील १,२२८ व्यक्तींच्या कांतीचें मापन केलें व २०१३ सालीं निष्कर्ष प्रसिद्ध केले. त्या समूहांतील रंगभेदाचा सुमारें २७ टक्के भाग या एकाच पाठभेदानें उलगडला. यूरोपांतील व भारतांतील लोकांत आढळणारा हा पाठ निरनिराळा उपजलेला नसून एकाच मूळ प्रतीवरून उतरला आहे, आणि त्या प्रतीचें वय २२ ते २८ हजार वर्षें असावें, असेंही त्यांस आढळलें. म्हणजे वेद, वर्ण, गोत्र, प्रवर यांतील कशाचाही मागमूस नसतांना तो अस्तित्वांत होता. तेव्हां त्याच्यावर कोणत्या घराण्यानें आपली मिरास सांगावी?

उरलेला भाग इतर अनेक जनुकांचा व उन्हातान्हाचा. या अनेकांच्या कारभारामुळेंच सख्ख्या भावंडांचे रंग वेगळे होतात. ज्यांच्या घरीं सोंगट्यांचा पट असेल त्यांनीं सहा कवड्या हातांत घ्याव्या. समजा, रंग ठरविणाऱ्या जनुकांच्या तीनच जोड्या आहेत, त्या सारख्याच वजनाच्या आहेत, आणि आईबाप दोघेही गव्हाळ असून प्रत्येक जोडींत त्यांच्याजवळ एक उजळ व एक गडद पाठ आहे. मुलाला प्रत्येक जोडीपैकीं एक पाठ आईकडून व एक बापाकडून, असे एकूण सहा मिळतात; कोणता मिळेल तें कवडी उताणी पडते कीं उपडी, यासारखें. हिशेब केला तर ६४ डावांत सहाही उजळ असा डाव एकदां, सहाही गडद असा एकदां, आणि तीन-तीनची बरोबरी २० वेळां येते. बाकीचे ४२ डाव मधल्या छटांचे. प्रत्यक्षांत जोड्या पुष्कळ आहेत व प्रत्येकीचें वजन वेगळें आहे. पण न्याय हाच. त्या सहा कवड्यांपैकीं तीन बापाच्या हातच्या असतात, ही गोष्ट नातवाचा रंग पाहून सुनेकडे पाहणाऱ्या मंडळींनीं ध्यानांत घ्यावी.

रंगाची प्रतवारी माणसाची योग्यता सांगत नाहीं, याची साक्ष याच शहराच्या आसपास आहे. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यांतील भिंतींवर, सुमारें दीड हजार वर्षांपूर्वीं, गोऱ्या, गव्हाळ व सावळ्या व्यक्ति एकाच दरबारांत शेजारीं शेजारीं रंगविल्या गेल्या. बोधिसत्त्व पद्मपाणीच्या जवळची कृष्णवर्णी राजकन्या तर जगप्रसिद्ध आहे. कृष्णद्वैपायन व्यासांची व 'कृष्णा' हेंच नांव धारण करणाऱ्या द्रौपदीची परंपरा सांगणाऱ्या देशांत याचें नवल वाटूं नये.

आणि ज्या शहराविषयीं आपण बोलत आहों, तें वसविणारा मलिक अंबर इथिओपियाचा. बालपणीं गुलाम म्हणून विकला गेलेला हा पुरुष दक्षिणेंत येऊन निजामशाहीचा कर्ता कारभारी झाला. त्यानें १६१० सालीं खडकी हें शहर वसविलें. त्यालाच पुढें औरंगाबाद हें नांव मिळालें. शहराला पाणी पुरविणारी नहर त्यानेंच बांधविली. १६२६ सालीं तो वारला. त्याची कबर खुलताबादेस आहे. आफ्रिकेंतील लोकांच्या जनुकांचा जो अभ्यास २०१७ सालीं प्रसिद्ध झाला त्यांत असें दिसलें कीं, उपरोक्त उजळ पाठभेद इथिओपियांतील अनेक लोकांतही आढळतो, आणि त्वचा उजळ वा गडद करणारे कित्येक पाठ तर आफ्रिकेंतच तीन लाख वर्षांहून जुने आहेत. उलटपक्षीं, स्पेनमध्यें सुमारें सात हजार वर्षांपूर्वीं राहणाऱ्या एका शिकाऱ्याच्या अस्थींतील जनुकांवरून तो सावळा होता असें अनुमान निघालें. यूरोप तेवढा गोरा आणि आफ्रिका तेवढी काळी, ही मांडणी इतिहासाला ठाऊक नाहीं.

शरीराच्या मापांवरून माणसांची प्रतवारी लावण्याचा खटाटोप शास्त्राच्या नांवानेंही पुष्कळ झाला. बर्लिनच्या फेलिक्स फॉन लुशान यांनीं कातडीशीं ताडून पाहण्यासाठीं ३६ रंगीत कांचफरश्यांची एक पट्टीच केली होती. त्याच बर्लिनमध्यें १९२० नंतरच्या दशकाच्या अखेरीस इरावतीबाई कर्वे ऑयगेन फिशर यांच्या हाताखालीं मानववंशशास्त्र शिकत होत्या. कवटीची विषमता वंशाशीं निगडित असावी, असें गुरूंचें अनुमान होतें. बाईंच्या मोजमापांतून तसा संबंध निघाला नाहीं, आणि त्यांनीं तो निघाला नाहीं असेंच लिहिलें. पुढें पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत त्यांनीं महाराष्ट्रांतील समाजांचें संशोधन केलें. १९६८ सालीं त्यांनीं व कैलाश मल्होत्रा यांनीं आपसांत बेटीव्यवहार न करणाऱ्या आठ ब्राह्मण गटांची जीवशास्त्रीय तुलना प्रसिद्ध केली. एका नांवाखालीं मोडणाऱ्या या गटांत लक्षणीय भेद आढळले. 'ब्राह्मणाचा रंग' म्हणून जी वस्तु आपण गृहीत धरतों, ती धरण्यास जागा कोठें उरते?

आतां व्यवहाराचें थोडें. गर्भिणीला केशर घातलेलें दूध आवडत असेल तर तिनें सुखानें प्यावें. परंतु गर्भाचे पाठ गर्भधारणेच्या क्षणींच ठरलेले असतात, केशर ते पुसूं शकत नाहीं. नवजात बालक बहुधा जरा उजळच दिसतें व कांहीं आठवड्यांनीं त्याचा खरा रंग उतरतो. त्यांत बाळंतिणीचा किंवा तेलपाण्याचा दोष नसतो. उटण्यानें मळ निघतो, वर्ण निघत नाहीं. गोरें करणाऱ्या मलमांचा व्यापार मात्र मोठा आहे. १९७५ पासून 'फेअर अँड लव्हली' या नांवानें विकल्या जाणाऱ्या मलमाच्या नांवांतील 'फेअर' हा शब्द २०२० सालीं गळून 'ग्लो' आला. पण मागणी कांहीं गळाली नाहीं. बाजारांतल्या कित्येक अनामिक मलमांत पारा किंवा स्टेरॉइड असतें. पाऱ्यानें मूत्रपिंडें बिघडतात, आणि स्टेरॉइडनें कातडी पातळ होऊन चेहरा कायमचा खराब होऊं शकतो. केशराला लागणारा पैसा व काळजी घरांतल्या वडीलधाऱ्यांनीं फोलेटकडे वळवावी. गर्भधारणेपूर्वींपासूनच डॉक्टरांच्या सल्ल्यानें फॉलिक आम्लाच्या गोळ्या, आणि आहारांत पालेभाज्या व कडधान्यें, यांनीं बाळाच्या मेंदूचें व कण्याचें रक्षण होतें. आपल्या पूर्वजांच्या त्वचेनें सावळेपणा पत्करून ज्या गोष्टीचें रक्षण केलें असावें, ती हीच.

पुढच्या हंगामांत एखादी पत्रिका हातीं येईल, मुलगी सर्व दृष्टींनीं मनास येईल, आणि कोणीतरी सवयीनें "पण रंगानें जरा..." असें म्हणेल. त्या वेळीं घरांतल्या कर्त्या माणसानें, शक्य तर सासू होऊं घातलेल्या बाईनेंच, तें वाक्य तेथेंच थांबवावें, आणि मुलगी पाहावयास कधीं यावें तेवढें कळवावें.