चाल कोणाची?

मुकुंदराज-दासोपंतांच्या ह्या अंबाजोगाईंत अभंग कानांवर पडत नाहींत असें घर विरळाच. आमची आजी पहांटे सडा घालतांना बीज व वृक्ष ह्यांच्या दृष्टांताचें एक पद तुकोबांचें म्हणून म्हणत असे. शिक्षकी पेशांत शिरल्यावर मीं गाथा चाळली. तींत तें पद सांपडेना. पुढें उलगडा झाला तो असा: 'प्रभात'च्या 'संत तुकाराम' (१९३६) ह्या बोलपटासाठीं तें शांताराम आठवले यांनीं रचिलें आणि केशवराव भोळे यांनीं त्यास चाल लाविली. चाल घरोघर गेली. चाल लावणाराचें नांव मात्र मागें राहिलें.

केशवरावांचा जन्म १८९६ चा. वैद्यकीच्या अभ्यासासाठीं ते मुंबईस आले आणि संगीतांतच रमले. 'एकलव्य' व 'शुद्धसारंग' ह्या टोपणनांवांनीं त्यांनीं संगीतावर मार्मिक लेखन केलें. १९३३ सालीं 'नाट्यमन्वंतर'च्या 'आंधळ्यांची शाळा' ह्या नाटकास त्यांनीं संगीत दिलें. जुन्या संगीत नाटकांत गायक तानांवर ताना घेई, 'वन्समोअर' होई आणि कथानक ताटकळत उभें राही. येथें पदें मोजकीं व प्रसंगास धरून आलीं. हीच दृष्टि घेऊन ते 'प्रभात'मध्यें गेले. 'अमृतमंथन' (१९३४), 'कुंकू' (१९३७) व 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) ह्यांचें संगीतहि त्यांचेंच. 'कुंकू'मध्यें तर शांतारामबापूंनीं गीतांखेरीज निराळें पार्श्वसंगीत न योजितां प्रसंगांतील स्वाभाविक आवाजांवरच भिस्त ठेविली. तेथें मौन पाळणें हेंहि संगीतकाराचें कामच होतें.

परंतु त्यांची खरी पारख 'तुकाराम'मध्यें होते. त्यांत सालोमालो तुकोबांचा अभंग चोरून स्वतःच्या नांवावर खपवितो. शब्द तेच; पण त्याच्या तोंडीं ते नटवे होतात, आणि विष्णुपंत पागनीसांच्या मुखांतून साधेपणानें येऊन थेट अंतःकरणास भिडतात. कोण भक्त व कोण भोंदू, हें संवादाआधीं चालच सांगते. ह्या चित्रपटाचा १९३७ सालीं व्हेनिसच्या महोत्सवांत गौरव झाला.

हें सारें आजीला सांगण्याचा धीर मला शेवटपर्यंत झाला नाहीं. शाळेंत मात्र कवीचें नांव न सांगतां श्लोक म्हणणाऱ्या मुलास मी उभें करीत असें! ही विसंगति आजहि मनाला टोंचते.

परवां नातीनें तेंच पद म्हटलें, तेव्हां मीं आठवले व भोळे हीं दोन्ही नांवें तिला सांगितलीं. माझे धाकटे बंधु म्हणाले, "देवाचें नांव मुखीं आलें म्हणजे पुरे, चाल कोणाची हवी कशाला?" मीं विचारलें, "मग सालोमालोचें तरी काय चुकलें?"

बंधु हंसले. नातीनें मात्र दोन्ही नांवें वहींत लिहून घेतलीं.