हिरडा, हकीम आणि गोव्यात छापलेले पुस्तक

काष्ठौषधींच्या दुकानात, मग ते खडकी बाजारातले असो की पुण्याच्या जुन्या पेठांतले, नुसता ‘हिरडा’ मागून भागत नाही. बाळहिरडा हवा की सुरवारी, हे सांगावे लागते. कोवळेपणीच झाडावरून उतरलेले आणि वाळून काळे पडलेले फळ म्हणजे बाळहिरडा. त्याहून मोठा, पिवळसर, कातडी कमावण्याच्याही कामाचा तो चांभारी हिरडा आणि पूर्ण पक्व, वजनदार तो सुरवारी. झाड एकच. खडकीच्या उत्तरेला खेड, आंबेगाव, जुन्नर तालुक्यांच्या डोंगरांत हिरडा गोळा करणाऱ्या महादेव कोळी कुटुंबांना हे कळायला कोणत्याही ग्रंथाची गरज पडत नाही. मध्ययुगीन युरोपातल्या औषधविक्रेत्यांकडे हाच माल पाच नावांनी असे: पिवळा, काळा ‘हिंदी’ आणि काबुली हे तीन हिरडे, चौथा बेहडा आणि पाचवा आवळा. मात्र ते तीन हिरडे एका झाडाचे की तीन झाडांचे, हा प्रश्न तिथे शतकानुशतके पुस्तकांच्या आधारानेच सोडवला जात होता.

ही फळे युरोपला दिली ती ग्रीकांनी नव्हे. युरोपात या फळांना जे सामाईक नाव होते, त्या नावाखाली डायोस्कोरिडीस या ग्रीक वैद्याच्या ग्रंथात जे येते ते वेगळेच फळ आहे. आपला हिरडा पश्चिमेला नेला तो अरबी आणि फारसी वैद्यकाने. इ. स. ८५०च्या सुमारास अली इब्न रब्बान अल्-तबरी याने ‘फिरदौस अल्-हिक्मा’ लिहिला, तेव्हा त्यात भारतीय वैद्यकावर वेगळा विभाग घातला. आपला त्रिफळा ‘इत्रिफल’ होऊन हकिमांच्या नित्याच्या पाकांत जाऊन बसला. अकराव्या शतकात कॉन्स्टंटाइन आफ्रिकनस याने इटलीतल्या माँते कॅसिनोच्या मठात आणि बाराव्या शतकात क्रेमोनाच्या जेरार्डने तोलेदोत अरबी ग्रंथ लॅटिनमध्ये आणले, तेव्हा हिरडाही त्यांच्याबरोबर गेला. म्हणून मुसलमान वैद्यांनी ग्रीक ज्ञान फक्त सांभाळले आणि मालकाला परत केले, हे म्हणणे औषधांच्या बाबतीत तरी टिकत नाही. जे ग्रीकांकडे नव्हतेच, ते परत कसे करणार? औषधविक्रीला शिस्त लावण्याचे कामही आधी त्यांच्याच बाजारांत झाले. मुह्तसिब हा बाजार-निरीक्षक अत्तारांच्या मालातली भेसळ कशी पकडावी याच्या पोथ्या बाळगत असे. सिसिलीत दुसऱ्या फ्रेडरिकने वैद्य आणि औषधविक्रेता यांचे धंदे कायद्याने वेगळे केले, ते त्यानंतर, तेराव्या शतकात.

पुढची गोष्ट सहसा अशी सांगितली जाते: सोळाव्या शतकात युरोपीय माणसाने पोथी मिटली, जहाजात बसून पूर्वेला गेला, वनस्पती स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली आणि आधुनिक औषधशास्त्राचा पाया घातला. या गोष्टीचा नायक गार्सिया द ऑर्ता. सालामांका आणि अल्काला इथे शिकलेला हा वैद्य १५३४मध्ये लिस्बनहून निघाला आणि गोव्यात स्थायिक झाला. १५५४च्या सुमारास मुंबई बेट त्याला खंडाने मिळाले होते. औषधी द्रव्यांवरचे त्याचे पोर्तुगीज पुस्तक १५६३मध्ये गोव्यातच छापले गेले. कामोइश या महाकवीची पहिली छापील कविता त्यात आहे, याचे पोर्तुगालमध्ये फार कौतुक. माझ्या लेखी त्याहून मोलाची आहे ती पुस्तकाची रचना. नायकाच्या गोष्टीला ती रचनाच छेद देते.

पुस्तकात ५९ संवाद आहेत. बोलणारे मुख्यतः दोघे: ऑर्ता आणि स्पेनहून नुकताच आलेला रुआनो हा कल्पित विद्वान. रुआनो ग्रीकांचा भक्त आहे. अरबांनी वैद्यक बिघडवले, हे तेव्हाच्या युरोपातल्या मानवतावादी पंडितांचे आवडते मत तो मांडत राहतो आणि ऑर्ता अरबांची बाजू घेतो. या दोघांभोवती माणसांची ये-जा चालू असते. मालुपा नावाचा हिंदू वैद्य येतो. अंतोनिया ही घरातली दासी सांगितलेली वनस्पती आणून समोर ठेवते. सर्वांत महत्त्वाचा धागा अहमदनगरचा आहे. पहिल्या बुऱ्हाण निजामशाहाकडे ऑर्ता वैद्य म्हणून जात असे. त्या दरबारात अरबी-फारसी परंपरेत मुरलेले हकीम होते आणि खुद्द शाहालाही या विषयात गती होती. रोगांची आणि औषधांची अरबी नावे त्याने ऑर्ताला सांगावीत, लॅटिन ऑर्ताने त्याला, असा दोघांचा परिपाठ होता. मोडशीवरचा संवाद वाचावा. उलट्या, जुलाब, खोल गेलेले डोळे, पायांत गोळे, अशी ती जीवघेणी पटकी ऑर्ता रेखतो आणि लगेच इथले वैद्य काय करतात तेही नोंदवतो: मिरी-जिरे घातलेली तांदळाची पेज आणि पावलांना डाग. ग्रीक मत, अरबी मत, देशी उपचार आणि स्वतःचा अनुभव यांची तुलना एकाच पानावर होते. ही पद्धत एकट्या डोळ्यांची नाही, ती वादविवादाची आहे. असा वाद घालता येईल अशी माणसे त्या काळात एकत्र सापडत होती ती गोव्यात आणि दख्खनच्या दरबारांत.

युरोपने मात्र हे पुस्तक वाचलेच नाही. वाचले ते दुसरे. शार्ल द लेक्लूज, म्हणजेच क्लूसियस, या वनस्पतिशास्त्रज्ञाला १५६४मध्ये पोर्तुगालच्या प्रवासात गोव्याची प्रत मिळाली आणि १५६७मध्ये अँटवर्पला त्याने तिचा लॅटिन संक्षेप प्रसिद्ध केला. त्याने संवाद काढून टाकले, क्रम बदलला, द्रव्यांची वर्णने आटोपशीर केली. क्लूसियसचा हेतू वाईट नव्हता, त्याला वनस्पती हव्या होत्या. पण संवादाबरोबर रुआनो गेला, अंतोनिया गेली, निजामशाहाच्या दरबारातले बोलणे पार विरळ झाले. उरले ते कोणीतरी एकट्याने पाहिलेले सत्य. त्याच १५६७ साली गोव्यात भरलेल्या पहिल्या प्रांतिक धर्मपरिषदेने ख्रिस्ती लोकांना बिगरख्रिस्ती वैद्यांकडे जाण्यास मनाई केली. ज्या बैठकीतून पुस्तक जन्मले ती गोव्यात निषिद्ध ठरली आणि अँटवर्पमध्ये पुस्तकातून पुसली गेली. या दोन घटनांचा एकमेकींशी कार्यकारणसंबंध नाही, पण परिणाम एकाच दिशेचा झाला.

यावर आक्षेप असा येईल की संवाद हे तर त्या काळचे लेखनतंत्र, त्यावरून ज्ञानाचा उगम कसा ठरवायचा? प्रत्यक्ष पाहणे हेच ऑर्ताचे खरे योगदान नाही का? आक्षेप वजनदार आहे. ऑर्ताने पाहून पुष्कळ चुका सुधारल्या हे खरे आणि स्पेनमध्ये असतो तर ग्रीकांविरुद्ध बोलायला धजलो नसतो, असे तो स्वतः कबूल करतो. पण हिरड्यावर येऊन बघा. इब्न सीनाने ‘कानून’मध्ये पिवळ्या हिरड्याला कच्चा आणि काळ्याला पिकलेला म्हटले आहे. क्रम चुकला; काळा बाळहिरडा हाच सर्वांत कोवळा. तरी हा फरक पक्वतेचा आहे, जातीचा नाही, हे त्याने नेमके धरले. ऑर्ता त्याला खोडून सांगतो की पाचही फळे पाच वेगळ्या झाडांची. भारतात तीस वर्षे काढलेला साक्षीदार चुकला आणि भारतात कधी पाऊल न टाकलेला बुखाऱ्याकडचा हकीम सत्याच्या जवळ राहिला. कारण मला स्पष्ट दिसते. ऑर्ताला फळ दिसत होते ते व्यापाऱ्यांच्या मालात, प्रांतोप्रांतीहून आलेले. झाडाखाली वेचणाऱ्या माणसाशी त्याचे बोलणे या बाबतीत झालेले दिसत नाही. जिथे त्याच्या संवादात योग्य माणूस आहे तिथे तो अचूक आहे. जिथे तो माणूस नाही तिथे डोळे पुरे पडत नाहीत.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. ऑर्ता हा सत्ताधाऱ्यांच्या छत्राखालचा वैद्य आणि रत्ने-औषधांचा व्यापारी होता. त्याच्या पुस्तकातल्या देशी माणसांना बरोबरीचे स्थान कुठे आहे? नाहीच. मालुपाला नाव आहे पण ग्रंथाचे श्रेय नाही, अंतोनिया हुकूम पाळते. हे मान्य करून एवढेच म्हणतो की तो स्वतःही त्या सत्तेत सुरक्षित नव्हता. ज्यू वंशाच्या नवख्रिस्ती घराण्यातला ऑर्ता १५६८मध्ये वारला, पुढच्या वर्षी त्याच्या बहिणीला इन्क्विझिशनने जाळले आणि १५८०मध्ये त्याच्या अस्थी उकरून जाळल्या. शिवाय देवाणघेवाण एकाच वाटेने चालली नव्हती. ज्याला आपण इतिहासकार म्हणून ओळखतो तो फरिश्ता अहमदनगरात वाढला आणि त्याने भारतीय वैद्यकावर ‘दस्तूर-उल्-अतिब्बा’ हा फारसी ग्रंथ लिहिला. तिथे लिहिणारा पोर्तुगीज नाही, वाचणारा युरोप नाही, तरी वैद्य आणि हकीम एका पानावर आहेत.

ऑर्ताचे संवाद युरोपात पुन्हा सहज वाचता येऊ लागले ते फार उशिरा: काउंट फिकाल्यूची सटीप पोर्तुगीज आवृत्ती १८९१ ते १८९५ या काळात आली, मार्कहॅमचे इंग्रजी भाषांतर १९१३मध्ये. आता राहिलेले काम दख्खनच्या अभ्यासकांचे आहे. बुऱ्हाण निजामशाहाच्याच दरबारात रुस्तम जुर्जानी या हकिमाने ‘जखीरा-ए-निजामशाही’ हा फारसी ग्रंथ रचला. गोव्याचे पोर्तुगीज पुस्तक आणि अहमदनगरचा हा फारसी ग्रंथ एकेका औषधाच्या नोंदीने शेजारी ठेवून वाचले पाहिजेत. सुरुवात हिरड्यापासून करावी आणि तिसऱ्या जागी जुन्नर-आंबेगावच्या डोंगरातल्या वेचणाऱ्यांना बसवावे.