बोरघाट चढणारी वीज
मुंबई-पुणे मार्गावरच्या बोरघाटात लोहमार्गाला ३७ फुटांमागे १ फूट इतका तीव्र चढ आहे. वाफेच्या इंजिनाची खरी दमछाक इथेच व्हायची. जळणाऱ्या कोळशातल्या उष्णतेचा दहावा हिस्सादेखील ओढण्याच्या कामी येत नसे, आणि वर पाण्याचा नि कोळशाचा भारही त्यालाच वाहावा लागे. बोगद्यांत धूर कोंडे. भट्टीपुढे उभ्या फायरमनचे हाल तर विचारूच नयेत.

जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेने ३ फेब्रुवारी १९२५ रोजी बोरीबंदर ते कुर्ला ही देशातली पहिली विजेची गाडी चालवली. १५०० व्होल्टच्या त्या तारा पाचेक वर्षांत घाट ओलांडून पुण्यापर्यंत पोचल्या. घाटातल्या मालगाड्यांसाठी आणलेल्या 'क्रोकोडाइल' इंजिनांची करामत उतारावर कळे: मोटारच जनित्र होऊन गाडीचा वेग आवरी आणि तयार झालेली वीज तारांत परत पाठवी. मला तर चढावरच्या ताकदीपेक्षा हीच युक्ती मोठी वाटते. १ जून १९३० रोजी सुरू झालेली डेक्कन क्वीन ही मुंबई-पुणे गाडी याच विजेची देणगी.

तारा नव्हत्या तिथे पुढे डिझेलने वाफेची जागा घेतली. एक क्रोकोडाइल दिल्लीच्या राष्ट्रीय रेल्वे संग्रहालयात जपलेले आहे. तिकडे गेलात तर मुलांना आवर्जून दाखवा.