दहाचे घात आणि अवाढव्य संख्यांचा गुणाकार

वैज्ञानिक लेखनपद्धतीत प्रत्येक संख्या दोन तुकड्यांच्या गुणाकाराने लिहितात. पहिला तुकडा 1 किंवा त्याहून मोठा, पण 10 पेक्षा लहान असतो. दुसरा असतो दहाचा एखादा घात. पृथ्वीचे सूर्यापासूनचे सरासरी अंतर 14 कोटी 96 लाख किलोमीटर, म्हणजे 1.496 × 10⁸ किलोमीटर. इलेक्ट्रॉनचे वस्तुमान 9.11 × 10⁻³¹ किलोग्रॅम. तेच साध्या दशांशात लिहायचे तर 9 हा अंक येण्याआधी दशांशचिन्हानंतर 30 शून्ये मांडावी लागतील.

जागा वाचते हा या पद्धतीचा किरकोळ फायदा. तिची खरी ताकद गुणाकारात दिसते. गुणाकारात संख्यांचा क्रम बदलला तरी उत्तर तेच राहते. म्हणून लहान तुकडे एकीकडे आणि दहाचे घात दुसरीकडे गोळा करता येतात. लहान तुकड्यांचा गुणाकार करायचा आणि घातांकांची नुसती बेरीज. 10⁸ म्हणजे आठ दहांचा गुणाकार, 10⁷ म्हणजे सात दहांचा. दोन्ही मिळून पंधरा दहा होतात, म्हणून 10¹⁵. अर्थसंकल्पाच्या बातम्यांतला ‘लाख कोटी’ हा शब्दप्रयोग याच नियमावर उभा आहे: लाख 10⁵, कोटी 10⁷, आणि लाख कोटी 10¹². इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात आर्किमिडीजने विश्वात मावतील एवढे वाळूचे कण मोजण्याचा हिशेब मांडला, तेव्हा त्यालाही हाच नियम सिद्ध करावा लागला होता. तोही घातांक लिहिण्याची आजची सोय नसताना.

प्रकाशवर्षाचे अंतर असेच काढतात. प्रकाश सेकंदाला 2.998 × 10⁸ मीटर जातो आणि 365.25 दिवसांच्या वर्षात 3.156 × 10⁷ सेकंद असतात. 2.998 ला 3.156 ने गुणले की कॅल्क्युलेटर 9.461688 दाखवतो; घातांकांची बेरीज 15. मात्र हे सातही अंक उत्तरात उतरवणे चूक आहे. प्रकाशाचा वेग आणि वर्षाचे सेकंद न कापता पूर्ण घेतले, तर गुणाकार 9.460730 × 10¹⁵ मीटर येतो. म्हणजे चौथ्या अंकापासूनच दोन्ही उत्तरांची फारकत होते. मूळ संख्या चार अंकांपर्यंतच घेतल्या असतील, तर उत्तरातले त्यापुढचे अंक केवळ अचूकतेचा आभास निर्माण करतात. इथे तर चौथा अंकही भरवशाचा नाही, म्हणून 9.46 × 10¹⁵ मीटर हे प्रामाणिक उत्तर.

ऋण घातांकालाही नियम तोच. नारायणगावजवळ खोडद येथील जीएमआरटी दुर्बीण हायड्रोजनच्या ज्या रेडिओलहरी टिपते, त्यांची मूळ वारंवारता 1.420 × 10⁹ हर्ट्झ आणि तरंगलांबी 2.11 × 10⁻¹ मीटर. लहान तुकड्यांचा गुणाकार सुमारे 3.00, आणि 9 मध्ये −1 मिळवून 8. उत्तर 3.00 × 10⁸ मीटर प्रतिसेकंद, म्हणजे प्रकाशाचाच वेग.

गफलत होते ती शेवटच्या पायरीवर. इलेक्ट्रॉनच्या वस्तुमानात किती ऊर्जा सामावली आहे हे काढायला त्याला प्रकाशवेगाच्या वर्गाने, 8.99 × 10¹⁶ ने गुणतात. 9.11 गुणिले 8.99 म्हणजे सुमारे 81.9, घातांकांची बेरीज −15. आता 81.9 हा तुकडा दहापेक्षा मोठा झाला. तो 8.19 केला, म्हणजे दहापट लहान केला. ती दहापट घाताला परत द्यावी लागते. −15 मध्ये 1 मिळवला की −14 होतात, −16 नव्हे. उत्तर 8.19 × 10⁻¹⁴ ज्यूल. ऋण चिन्ह दिसले की संख्या पुढे न्यायची की मागे, असा गोंधळ उडतो. लहान तुकडा घटला तर घातांक वाढलाच पाहिजे, एवढे धरून ठेवले की तो टळतो.

बेरजेला मात्र ही रीत चालत नाही. 3 × 10⁸ आणि 4 × 10⁷ यांची बेरीज करायची तर आधी दोन्ही संख्या एकाच घातात आणाव्या लागतात: 3 × 10⁸ अधिक 0.4 × 10⁸, म्हणजे 3.4 × 10⁸. त्यांचाच गुणाकार 12 × 10¹⁵, म्हणजे 1.2 × 10¹⁶.