हळर्णचा मार्किस, पेडण्याचा व्हिस्कोंद आणि खंडाची पावती

मोरजीच्या बाजारात देवनागरी पाटी शोधावी लागते, रशियन पाटी समोरच असते. भाड्याच्या दुचाक्या, मसाज, औषधांचे दुकान, बीटाचे सूप, सगळे रशियन लिपीत लिहिलेले. या किनाऱ्याला लोक अर्ध्या थट्टेने ‘छोटा रशिया’ म्हणू लागले, त्याला आता बरीच वर्षे झाली. हिवाळ्यात येणाऱ्या या रशियन पाहुण्यांपैकी फार थोडे आत पेडणे गावाकडे वळतात. वळले तर त्यांना एक ओळखीची गोष्ट दिसेल. त्यांच्या देशातून शंभर वर्षांपूर्वी नाहीशी झालेली सरदारी हवेली इथे अजून उभी आहे, आणि ‘व्हिस्कोंद’ ही मालकाच्या घराण्याची पदवी लोकांच्या तोंडी आहे.

हा देशप्रभूंचा वाडा. सोळा चौक, आतच देऊळ, आणि वस्तुसंग्रह म्हणून राखलेल्या भागात चांदीची पालखी, पूर्वजांची तैलचित्रे. गोव्यातल्या हिंदू घराण्यांच्या वाड्यांत याच्या तोडीचा दुसरा नाही, असे सांगतात आणि ते खोटे वाटत नाही. पण वाड्यात शिरण्याआधी पेडणे तालुक्यातल्याच आणखी एका गावी जाऊन येऊ. सरदारी, जमीन आणि नाव यांचे त्रांगडे तिथे जास्त स्पष्ट दिसते.

ते गाव हळर्ण. शापोरा नदीच्या काठी सावंतवाडीकर भोसल्यांचा किल्ला होता. मे 1746 मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉय दों पेद्रु मिगेल द आल्मैदा याने तो घेतला. पोर्तुगिजांच्या तोंडी हळर्णचे ‘आलोर्ना’ झाले. राजा पाचवा जुवांव इतका खूश झाला की 1748 मध्ये त्याने या व्हाइसरॉयला ‘आलोर्नाचा मार्किस’ ही पदवी दिली. त्या सरदाराची पोर्तुगालमध्ये आल्मैरिंजवळ, तेजू नदीच्या खोऱ्यात 1723 पासूनची एक जहागीर होती. तिचे नाव बदलून ‘किंता द आलोर्ना’ झाले. ती जहागीर आजही आहे आणि तिथली वाइन त्याच नावाने विकली जाते. या घराण्यातली चौथी मार्किझा लिओनोर द आल्मैदा (1750–1839) पोर्तुगीज साहित्यातली नामांकित कवयित्री. पोर्तुगालमध्ये ‘आलोर्ना’ म्हटले की तीच आठवते.

शापोराकाठच्या एका मराठी किल्ल्याचे नाव असे युरोपातल्या द्राक्षमळ्याला चिकटले. हळर्णच्या माणसाला त्या बाटलीतले काय मिळाले? नावसुद्धा नाही, कारण तो आपल्या गावाला हळर्णच म्हणतो. पोर्तुगिजांना मात्र जमिनीपेक्षा जमिनीचे नाव आधी लागले. सबंध पेडणे महाल त्यांच्या हाती यायला पुढे चार दशके गेली. डिचोली 1781 मध्ये गेली आणि पेडणे 1788 मध्ये, खेम सावंतांशी झालेल्या तहाने. नव्या काबिजादीचा, म्हणजे पोर्तुगिजांनी उशिरा घेतलेल्या मुलखाचा, हा उत्तरेकडचा शेवटचा तुकडा.

उशिरा आल्याचा एक परिणाम असा की इथे बाटवाबाटवीचा काळ आलाच नाही. तिसवाडी, बारदेश, साष्टीत देवळे पाडली गेली होती. पेडण्यात ती राहिली, देव राहिले आणि देसाईही राहिले. देसाई हा मुळात महसुलाचा माणूस. वरचा राजा बदलला तरी गावाचा वसूल त्याच्याच हातून जाई. विजापूर गेले, भोसले आले, भोसले गेले, पोर्तुगीज आले. नव्या राजालाही कोणाचे शेत कुठे, कोणाचा खंड किती, हे सांगणारा लागतोच. पेडणे महालात तो माणूस म्हणजे देशप्रभू घराणे. पुढे एकोणिसाव्या शतकात लिस्बनच्या राजाने या घराण्याला ‘व्हिस्कोंद द पेर्नें’ केले. कॅथलिक राजाने एका हिंदू देसायाला युरोपीय सरदार केले, ते याच उपयोगासाठी.

गोव्यातल्या हिंदू भाटकारांच्या, म्हणजे जमीनदारांच्या, घरांना दोन तोंडे असतात. बाहेरचे दालन गोऱ्या पाहुण्यांसाठी. तिथे झुंबर, उंच पाठीच्या खुर्च्या, बेल्जियमचे आरसे. आत राजांगण, तुळस, देवघर, सोवळ्यातले स्वयंपाकघर. पाहुण्याची पायरी बाहेरच्या दालनाशी संपे. त्याच्या ताटाखालचे मेज वेगळे आणि ते धुवायची रीतही वेगळी. या दुहेरीपणाला ढोंग म्हणणे सोपे आहे. मला ती कारकुनाची हुशारी वाटते. दोन धन्यांचे हिशेब दोन वह्यांत ठेवायचे, तसे हे घराचे बांधकाम.

पण चौक मोजून वाडा कळत नाही. चिरा गावच्या खाणीतला आणि तो डोक्यावरून आणणारे लोक गावचेच. वाड्याचा खरा पाया म्हणजे खंड, म्हणजे कुळाने भाटकाराला दरवर्षी घालायचे भात, नारळ, काजू. त्याहून खालचा मुंडकार. भाटकाराच्या भाटात झोपडी घालून राहणारा, माडांची राखण करणारा, लग्नकार्यात बोलावताच हजर होणारा. त्याची भिंत मातीची असे. चिऱ्याची घालायची, कौले चढवायची, तर आधी भाटकाराची परवानगी. कारण पक्की भिंत म्हणजे हक्क. माझ्या मते गोव्याच्या जमीनदारीचे सगळे शास्त्र या एका नियमात आहे. वाड्याला सोळा चौक आणि मुंडकाराला एक पक्की भिंत नाही. ही गोष्ट एकट्या पेडण्याची नव्हती, सगळ्या गोव्याची होती.

रशियात त्या जागी भूदास होते. मॉस्कोजवळच्या कुस्कोवो जहागिरीत शेरेमेत्येव सरदाराने आपल्या भूदासांची नाटकमंडळी उभी केली होती. तिच्यातली गायिका प्रास्कोव्या ही एका भूदास लोहाराची मुलगी. मालक निकोलाय शेरेमेत्येवने 1801 मध्ये तिच्याशी गुपचूप लग्न केले आणि दोन वर्षांत ती वारली. 1861 मध्ये भूदासांची सुटका झाली, पण जमिनीची किंमत शेतकऱ्यांच्या डोक्यावर हप्त्यांनी बसली. हवेल्या तेव्हापासूनच कर्जात बुडत होत्या. चेखवचे ‘चेरीची बाग’ 1904 चे. त्यात ती बाग लिलावात घेणारा माणूस त्याच जहागिरीवरच्या भूदासाचा मुलगा आहे. पुढे 1917 च्या नोव्हेंबरमध्ये जमिनीचा हुकूम एका रात्रीत निघाला. भरपाई काही नाही, जहागीर खालसा. कुस्कोवो 1919 पासून संग्रहालय आहे.

आपल्याकडे रात्र एवढी लहान नव्हती. पोर्तुगालची राजेशाही 1910 मध्ये संपली, तरी पेडण्यात व्हिस्कोंद राहिले. 19 डिसेंबर 1961 ला पोर्तुगीज गेले आणि डिसेंबर 1963 मध्ये भाऊसाहेब बांदोडकरांचे सरकार आले. ते निवडून आले तेच कुळांच्या आणि मुंडकारांच्या मतांवर. कूळ कायदा 1964 चा, मुंडकारांना घरातून काढता येणार नाही हा कायदा 1975 चा. कूळ कायद्याची पाचवी दुरुस्ती 20 एप्रिल 1976 ला अमलात आली आणि कसणारा मालक ठरला. तेव्हा शशिकलाताई काकोडकर मुख्यमंत्री होत्या.

एवढे वाचून कोणी म्हणेल, संपले. नाही संपले. कूळ असल्याचे मामलेदारापुढे सिद्ध करावे लागे, आणि खंड तर बापजाद्यांनी तोंडी हिशेबाने घातलेला. 2014 च्या दुरुस्तीने हे दावे दिवाणी न्यायालयांकडे नेले आणि पुढे ते परत मामलेदाराकडे आले. रशियात जमीनदार गेला, आपल्याकडे तारीख पडत राहिली. रक्त सांडले नाही, हे खरे आणि मोलाचे. पण ज्याच्याकडे कागद नाही त्याची पिढी या तारखांत गेली, हेही त्याच वहीत लिहावे लागते.

डिचोली तालुक्यात या गोष्टीला दुसरे वळण आहे. साखळीचे राणे सत्तरीचे जमीनदार, पण त्यांची वही पोर्तुगिजांशी कधीच जुळली नाही. वाळवंटीकाठी कारापूरच्या विठ्ठलापुरातले विठ्ठल मंदिर राण्यांचे. चैत्री पौर्णिमेला तिथे अजून उत्सव भरतो. 26 जानेवारी 1852 ला दीपाजी राण्यांनी नाणूसचा किल्ला घेतला. करवाढ, वतनांत ढवळाढवळ आणि पुरुषांनी पाटलोण घालायचा हुकूम, अशी कारणे सांगतात. ते बंड 1855 पर्यंत चालले. 1895 मध्ये मोझांबिकला जायला नकार दिलेले मराठा शिपाई बिथरले, दादा राणे त्यांच्यासोबत उठले आणि राजाचा भाऊ दों आफोंसु याला लिस्बनहून फौज घेऊन यावे लागले. दादांना शेवटी तिमोरला धाडले. एका घराण्याला राजाने पदवी पाठवली, दुसऱ्याकडे राजाने भाऊ पाठवला. तरी दोघांचे पोट कुळाच्या खंडावरच चालत होते, हे बंडाचे पोवाडे म्हणताना आपण विसरतो.

देशप्रभूंच्या घराण्यातले शेवटचे सर्वपरिचित नाव जितेंद्र देशप्रभू. ते आमदार होते, राजकारणात बिनधास्त बोलणारे. एप्रिल 2020 मध्ये ते गेले, तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांच्या घराण्याच्या व्हिस्कोंद पदवीची आठवण काढलीच. ही पदवी देणारी राजेशाही जाऊन तेव्हा 110 वर्षे झाली होती.

पेडण्याची पुनव मी दसऱ्यानंतर एकदा पाहिली. कोजागिरीच्या रात्री भूतनाथाचे तरंग (देवाची सजवलेली काठी) चिडते. एका रात्रीत मला देऊळ बांधून द्या, असा देवाचा हट्ट असतो. गर्दी ओरडून होकार देते, देव शांत होतो, परत फिरतो. देऊळ बांधले जात नाही. पुढच्या वर्षी पुन्हा तोच हट्ट आणि तोच होकार. माझ्याशेजारी उभा असलेला एक म्हातारा, बहुधा मुंडकाराच्या घरचा, हसून म्हणाला की देवालासुद्धा आमच्यासारखीच तारीख मिळते.

मोपाच्या सड्यावर 2022 मध्ये विमानतळाचे उद्घाटन झाले, आणि तेव्हापासून पेडण्यात जमिनीचे भाव असे चढले आहेत की खंडाची भाषा नव्या पिढीला कळेनाशी झाली आहे. म्हणून ही विनंती, पेडणे आणि डिचोलीच्या वाचकांना. वाड्यांचा इतिहास वाड्यांच्या कागदांवरून लिहिला गेला आहे आणि लिहिला जाईल. तुमच्या घरी माळ्यावर, देव्हाऱ्याखाली, पत्र्याच्या ट्रंकेत खंडाची एखादी पावती, पोर्तुगीज शिक्क्याचा कागद, मोडीतले टिपण असेल तर ते फेकू नका. वाळवी लागण्याआधी त्याचा फोटो काढा. पणजीचा पुराभिलेख विभाग 1595 मध्ये सुरू झाला आणि आजही उघडा असतो. तिथे नेऊन दाखवा.