पॉइंट म्हणजे नक्की काय?

लोणावळ्यात उतरलं, की पहिला प्रश्न कानावर येतो, 'पॉइंट बघायचेत का?' टायगर पॉइंट, लायन्स पॉइंट... इथे पॉइंट म्हणजे दरी दिसते ती जागा.

पण घरी आलेला वायरमन 'या खोलीत पॉइंट किती?' असं विचारतो, तेव्हा दिवे-पंखे किती, एवढंच त्याला हवं असतं. वक्त्याचा पॉइंट म्हणजे मुद्दा. कबड्डीत तो गुण, क्रिकेटमध्ये क्षेत्ररक्षकाची जागा, तर ताप 'एकशे एक पॉइंट चार' झाला की दशांशचिन्ह. रेल्वेचा पॉइंट गाडीचा रूळ बदलतो. आणि कट्ट्यावर कुणी 'पॉइंट आहे!' म्हणालं, की समजावं, बोलणं पटलं.

याचं मूळ लॅटिन 'पुंक्तुम', म्हणजे टोचल्याची खूण. टोचतं ते टोक, उमटतो तो ठिपका; बाकीचे अर्थ तिथून फुटले. मराठीत यांना टोक, बिंदू, मुद्दा, गुण असे वेगवेगळे शब्द आहेत. एक पॉइंट आला, की ते सगळे रजेवर जातात!

कुरवंड्याचा सुळकाच बघा. नागाच्या फण्यासारखा, म्हणून नागफणी. साहेबाला त्यात वेलिंग्टनच्या ड्यूकचं नाक दिसलं आणि तो 'ड्यूक्स नोज' झाला. याच कुरवंडे घाटाने १६६१ मध्ये कारतलबखान खाली उतरला आणि उंबरखिंडीत शिवाजी महाराजांनी त्याला गाठलं. 'पॉइंट' म्हटलं, की फोटोची जागा कळते. घाटाची वाट आणि तिचा इतिहास सांगतं ते गावाने ठेवलेलं नाव. तेव्हा पॉइंट खुशाल म्हणा, पण नागफणीला नागफणीच म्हणा.