दोन सांगितले, पावणेदोन भरले

गोष्ट २०१३ सालच्या आषाढ पौर्णिमेची आहे. जव्हारच्या आमच्या वस्तीतील विहारात वंदना आटोपली होती, बाहेर पाऊस कोसळत होता आणि कोणालाच घरी जाण्याची घाई नव्हती. महिला मंडळाच्या एका मावशी उठल्या आणि सर्वांसमोर म्हणाल्या, "दादा, पावतीवर दोन लिहिलंय. आमची नात म्हणते, यंत्रात पावणेदोनच हाय. मग पाव कुठं गेलं?"

प्रश्न विहारातील संगणकाचा होता. मुलांच्या अभ्यासवर्गासाठी आम्ही वर्गणी काढून तो घेतला होता. कोणी वीस रुपये दिले, कोणी पन्नास. नगर परिषदेत झाडू मारणाऱ्यांनी दिले, एस.टी.तल्या एका बांधवाने दिले, बांधकामावर जाणाऱ्या बायांनी पदराची गाठ सोडून दिले. मोखाड्याच्या दोन घरांनीही पैसे पाठविले, कारण त्यांची मुले सुट्टीत आमच्याकडे वर्गाला येत. जव्हार-मोखाडा तेव्हा ठाणे जिल्ह्यात होते, पालघर जिल्हा झाला तो १ ऑगस्ट २०१४ रोजी. त्यामुळे खरेदीही ठाण्यालाच झाली. साडेनऊ हजारांत जुना संगणक मिळाला, तो एस.टी.तून मांडीवर सांभाळत आणला. पावतीवर लिहिले होते: मेमरी २ जीबी, हार्ड डिस्क ५०० जीबी.

आणि पडद्यावर मात्र दिसत होते, २ जीबी, पैकी वापरण्याजोगी १.७५. हार्ड डिस्क तर ५०० ऐवजी ४६५!

मावशींनी आरोप केला नव्हता, पण पाठीमागे कोणीतरी हसले. सार्वजनिक काम करणाऱ्याला त्या हसण्याचा अर्थ लगेच कळतो. आम्ही बी.कॉम., दिवसभर कचेरीत खातेवह्या लिहितो. रुपया-पैशाचा हिशेब आम्ही झोपेतही देऊ, पण हा पाव जीबीचा हिशेब आमच्याकडे नव्हता. दुसऱ्या दिवशी दुकानदाराला फोन केला, तर तो म्हणाला, "तुम्हाला त्यातलं काय कळतं? चालतंय ना?" आणि फोन ठेवून दिला. ते वाक्य आम्हाला जास्त लागले. आपल्या माणसांनी हे वाक्य किती ठिकाणी ऐकले आहे ते येथे लिहीत बसत नाही.

सुटका केली ती वस्तीतल्याच एका मुलाने. तो मुंबईला संगणकाच्या कामावर होता, वर्षावासात दोन दिवस घरी आला होता. आम्ही त्याला आमचा संगणक दाखवू लागलो, तर तो म्हणाला, "काका, हा नंतर बघू. आधी जुनी यंत्रं बघा. त्यांत सगळं उघड्यावर असायचं." आणि त्याने १९८०च्या सुमारास परदेशात घरोघर गेलेल्या लहान संगणकांची माहिती सांगायला सुरुवात केली. आम्ही वही काढली. त्या वहीवरूनच हे लिहीत आहोत.

आधी दोन शब्द समजून घ्यावेत. संगणकाची एक स्मृती पाटीसारखी असते. लिहा, पुसा, पुन्हा लिहा, आणि वीज गेली की पाटी कोरी. तिला रॅम म्हणतात. दुसरी छापील पुस्तकासारखी, कारखान्यातच छापून आलेली, वीज गेली तरी तशीच. ती रॉम. स्मृती मोजतात बाइटमध्ये. इंग्रजी एका अक्षराला एक बाइट लागतो, आणि १०२४ बाइट म्हणजे एक केबी.

इंग्लंडच्या सिंक्लेअर कंपनीने १९८१ साली झेडएक्स-८१ नावाचे यंत्र काढले. किंमत ६९.९५ पौंड, सुटे भाग घेऊन स्वतः जोडले तर ४९.९५. त्यात पाटी होती अवघी १ केबीची! घरातला टी.व्ही. हाच त्याचा पडदा, आणि तो पडदा अक्षरांनी पुरा भरला तर त्यातच ७९३ बाइट जात. म्हणून हे यंत्र रिकाम्या ओळींना जागाच देत नसे. आपल्या बायका पीठ मळताना परातीला चिकटलेलेही सोडत नाहीत, तसा प्रकार. १६ केबीचा जोडडबा वेगळा मिळे, पण तो पाठीमागे सैल बसे. टेबलाला धक्का लागला की तासाभराचे टंकलेखन पुसले जाई. आमच्याकडे पावसाळ्यात वीज जाते तेव्हा नेमके हेच होते, म्हणून हे ऐकून मुले खूप हसली.

पुढच्याच वर्षी, १९८२ला, त्याच कंपनीचा स्पेक्ट्रम आला. १६ केबीचा १२५ पौंडांना, ४८ केबीचा १७५ पौंडांना. हे यंत्र भारतातही बनले. डेसिबेल्स इलेक्ट्रॉनिक्स या कंपनीने १९८०च्या दशकात परवाना घेऊन डीबी स्पेक्ट्रम प्लस या नावाने ते विकले. त्याला कार्यक्रम भरायचा तो साध्या कॅसेटवरून, घरच्या टेपरेकॉर्डरने. प्रल्हाद शिंदे, विठ्ठल उमप यांची भीमगीते ज्या कॅसेटवर आपल्या घरात वाजत, तीच कॅसेट. फक्त गाण्याच्या जागी किरकिर आवाज भरलेला, आणि त्या किरकिरीतच एक आणि शून्य. ४८ केबीची पाटी भरायला पाच मिनिटांच्या आसपास लागत. आमच्या मावशी म्हणाल्या, "म्हणजे टेप आपल्याकडं होता, कंपूटर तेवढा नव्हता." खरेच आहे. ज्या काळात तिकडे मुले टी.व्ही.ला यंत्र जोडून खेळ लिहीत होती, त्या काळात आमच्या पाड्यापाड्यांवर विजेचा खांब नव्हता. आणि ते दशक सरल्यावर, १९९२ साली, जव्हारचे नाव देशभर गेले ते वावर-वांगणीच्या बालमृत्यूंनी.

असो. आता पाव जीबीकडे येऊ.

त्याच १९८२ साली अमेरिकेच्या कमोडोर कंपनीने कमोडोर ६४ काढला. किंमत ५९५ डॉलर. नावातच ६४, कारण पाटी ६४ केबीची, म्हणजे ६५,५३६ बाइट. पण हे यंत्र सुरू केले की निळ्या पडद्यावर ते स्वतःच सांगे, बेसिकसाठी ३८,९११ बाइट मोकळे आहेत. बेसिक म्हणजे घरच्या माणसाला कार्यक्रम लिहिता यावा म्हणून दिलेली सोपी संगणकी भाषा. तर ६५,५३६ सांगून ३८,९११ हाती. कपात २६,६२५!

आम्ही त्या मुलाला म्हणालो, ही तर पगाराची स्लिप झाली. वर एकूण पगार, खाली भविष्य निर्वाह निधी, विमा, सोसायटीचा हप्ता, आणि शेवटी हाती येणारी रक्कम. तो म्हणाला, "बरोबर. मग कपाती जुळवा." आणि आम्ही त्या रात्री कंदिलाच्या उजेडात जुळविल्या, कारण वीज गेलीच होती.

त्या यंत्राच्या प्रोसेसरला, म्हणजे मेंदूला, एकूण ६५,५३६ खणच मोजता येत. नोंदवहीची पाने ठरलेली असावीत तसे. छापील पुस्तकेही त्याच पानक्रमांकांत बसवावी लागत, आणि ज्या पानांवर पुस्तक ठेवले त्यांच्याखालची पाटी झाकली जाई. पाटी असे, पण दिसत नसे. तर कपाती अशा: बेसिक भाषेच्या पुस्तकाला ८ केबी. यंत्राच्या अंतर्गत कारभाराच्या पुस्तकाला ८ केबी. चित्र आणि आवाज करणाऱ्या चिपांना ४ केबी. पुस्तकांच्या मध्ये अडकलेली ४ केबी, जी बेसिक मोजतच नसे. यंत्राच्या किरकोळ नोंदींना १ केबी. पडद्यावरील अक्षरांना १ केबी. एकूण २६ केबी, म्हणजे २६,६२४ बाइट. आणि आपल्याला हवे होते २६,६२५. एक बाइट कमी पडत होता!

कचेरीत एका रुपयाच्या फरकासाठी आम्ही रात्री आठपर्यंत बसलेलो आहोत. तो एक बाइट आम्हाला सोडवेना. मुलाने मग सांगितले की कार्यक्रमाच्या सुरुवातीला एक बाइट शून्य ठेवावाच लागे, तो तो आहे. ताळेबंद जुळला. इतका आनंद आम्हाला बी.कॉम.च्या निकालाचाही झाला नव्हता.

आणखी एक गंमत त्यातून निघाली. स्पेक्ट्रमचे छापील पुस्तक १६ केबीचे आणि पाटी ४८ केबीची, बेरीज ६४. त्यामुळे पुस्तकाखाली पाटी झाकली जाण्याचा प्रश्नच नव्हता. पडद्याला ६,९१२ बाइट आणि काही किरकोळ नोंदी वजा जाता बेसिकला ४१ हजारांवर बाइट उरत. म्हणजे खोक्यावर ४८ लिहिलेले यंत्र घरच्या शिकाऊ मुलाच्या हाती ६४ लिहिलेल्यापेक्षा जास्त देत होते! कमोडोरवर अन्याय नको म्हणून सांगतो, यंत्राच्या मूळ भाषेत लिहिणारे जाणकार पुस्तके बाजूला सारून झाकलेली पाटीही वापरीत. पण तेवढे ज्याला येते त्याच्यासाठी.

आपल्या देशातील शाळांत जे यंत्र आले ते तिसरेच. १९८४-८५ साली केंद्र सरकारने क्लास नावाचा प्रकल्प सुरू केला आणि निवडक शाळांना बीबीसी मायक्रो हे इंग्लंडचे संगणक दिले. पाटी ३२ केबी. पण पडदा कसा हवा ते वापरणाऱ्याने निवडायचे. सर्वांत रंगीत पडदा निवडला की २० केबी पडद्यालाच जात, साडेतीन केबी कारभाराला, आणि कार्यक्रमाला उरत ८,७०४ बाइट. साधा अक्षरांचा पडदा निवडला तर पडद्याला फक्त १ केबी. रंग घ्या किंवा जागा घ्या.

यात मराठी कुठे होती, असे एका मुलीने विचारले. स्पेक्ट्रममध्ये इंग्रजी ९६ अक्षरचिन्हांचे ठसे ७६८ बाइटांत बसत, एका चिन्हाला आठ. आपल्या काना-मात्रा आणि जोडाक्षरे त्या आठ बाय आठ ठिपक्यांच्या चौकोनात मावणारी नव्हती. पुढे कानपूरच्या आयआयटीत सुरू झालेले आणि पुण्याच्या सी-डॅकमध्ये वाढलेले जिस्ट कार्ड आले. ते संगणकात बसविले की देवनागरी उमटे. १९९१ला भारतीय लिप्यांच्या संकेतांचे प्रमाणही ठरले. त्यात 'जव्हार' शब्दाला सहा बाइट लागत, कारण हलन्त चिन्हही मोजावे लागते. आजच्या पद्धतीत त्याच शब्दाला सहसा अठरा लागतात. मुलांनी लगेच आपापली नावे मोजायला घेतली.

दुसऱ्या दिवशी सकाळी वीज आल्यावर आमचा संगणक उघडला. मुलाने पहिलीच सेटिंगची पाने काढली आणि बोट ठेवले. पडद्यासाठी राखीव: २५६ एमबी. दोन जीबी म्हणजे २०४८ एमबी, त्यातून २५६ वजा, बाकी १७९२, म्हणजे बरोबर पावणेदोन. स्वस्त संगणकात चित्रासाठी वेगळी स्मृती नसते, मुख्य पाटीतूनच वाटा काढतात. बीबीसी मायक्रोत होते तेच. फरक इतकाच, की ते यंत्र वापरणाऱ्याला विचारी, आणि येथे कोणीतरी आधीच कापून ठेवले होते. आमच्या कामाला चित्रपट लागत नव्हते. मुलाने तो आकडा ६४ केला, यंत्र पुन्हा सुरू केले आणि पडद्यावर आले १.९४.

हार्ड डिस्कचा प्रकार वेगळा निघाला. तेथे काहीच कापले नव्हते, मापे दोन होती. बनविणारे हजाराच्या पटीने मोजतात, म्हणून ५०० अब्ज बाइट म्हणजे ५०० जीबी. पडद्यावर दाखविणारा १०२४च्या पटीने मोजतो, त्याला तेच ४६५ दिसतात. कच्चा शेर आणि पक्का शेर. सावकाराचे देण्याचे माप एक आणि घेण्याचे दुसरे, हे ज्यांनी सोसले त्यांना आम्ही हे समजावू लागलो तेव्हा ते आमच्या आधीच समजले. दुकानदार दोन्ही बाबतीत खोटा नव्हता, हेही आम्ही विहारात सांगितले. पण कळत नाही म्हणून फोन ठेवून देण्याचा अधिकार त्याला कोणी दिला होता, हा आमचा प्रश्न कायम आहे.

टाळेबंदीत, २०२० साली, शाळा फोनवर आली तेव्हा हीच वही पुन्हा निघाली. एका बांधवाने मजुरीच्या पैशातून मुलीसाठी ६४ जीबीचा फोन घेतला आणि तो भरल्याचे सांगू लागला. कच्च्या शेराचे ६४ म्हणजे पक्क्याचे साठाच्या आत, त्यातून फोनच्या स्वतःच्या कारभाराची जागा वजा. शिवाय पाटी होती दोनच जीबीची, म्हणून वर्ग चालू असताना फोन अडके. दुकानात त्याने खोक्यावरचा मोठा आकडा पाहिला होता, लहान आकडा कोणी दाखविला नव्हता. आता वस्तीत कोणी फोन घ्यायला निघाले की मुली बजावून पाठवितात, "बाबा, दोन्ही आकडे विचारा, आणि उरतं किती तेही विचारा."

आषाढानंतरच्या पौर्णिमेला आम्ही विहारात सर्व कपाती फळ्यावर लिहून दाखविल्या. मावशींनी शेवटपर्यंत ऐकले आणि विचारले, "मग आता अजून चौसष्ट कुणाकडं हाय?" पडद्याकडे, आम्ही म्हणालो. त्या म्हणाल्या, "तेवढं राहू द्या, नायतर दिसंल कसं." त्यांच्या नातीने वर्गणीच्या वहीत नोंद केली: मेमरी २०४८ एमबी, पैकी पडद्याकडे ६४. खाली मावशींचा अंगठा आणि सात जणांच्या सह्या आहेत.